आठ दशांश सेकंदाचा अपराध

विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकांत काळ हा विषय भौतिकीच्या वाट्याला येतो आणि ज्ञानेंद्रिये जीवशास्त्राच्या. एका प्रकरणात लंबक हलत असतो, दुसऱ्या प्रकरणात डोळ्याचा उभा छेद काढलेला असतो. या दोघांचा एकमेकांशी काही संबंध असेल अशी शंकाही मुलांना येत नाही. वास्तविक या दोहोंना जोडणारा अभ्यास गेली दोनशे वर्षे चालू आहे. शाळेच्या वेळापत्रकात त्याला जागा नाही, पण त्याला इतिहास आहे, आणि तो सुरू होतो एका मदतनिसाला नोकरीवरून काढले तेथून.

इंग्लंडमधील ग्रिनिच वेधशाळेचे प्रमुख त्या काळी नेव्हिल मॅस्केलिन हे होते. १७६५ पासून १८११ साली मृत्यू येईपर्यंत त्यांनी ते पद सांभाळले. खलाशांना समुद्रात आपला रेखांश काढता यावा म्हणून दरवर्षी छापले जाणारे नाविक पंचांग त्यांनीच १७६७ सालापासून सुरू केले. असा माणूस वेळेच्या बाबतीत काटेकोर असणारच. त्यांच्या हाताखाली १७९४ पासून डेव्हिड किनेब्रुक नावाचा तरुण मदतनीस होता. एखादा तारा याम्योत्तर वृत्त, म्हणजे डोक्यावरून जाणारी उत्तर-दक्षिण रेषा, नेमका केव्हा ओलांडतो याची नोंद करणे हे त्याच्या कामांपैकी एक. अशा नोंदींवरूनच वेधशाळेतले घड्याळ बरोबर आहे की नाही हे ठरत असे.

ही नोंद कशी करीत ते नीट समजून घेतले पाहिजे, कारण सारे रहस्य त्यातच आहे. दुर्बिणीच्या दृष्टिक्षेत्रात समान अंतरावर काही बारीक उभ्या तारा ताणलेल्या असत. गोंधळ नको म्हणून आपण त्यांना रेघा म्हणू. निरीक्षक प्रथम भिंतीवरच्या लंबकाच्या घड्याळात वेळ पाही, मग दुर्बिणीला डोळा लावी आणि घड्याळाचे टोले कानाने मोजत राही. एकवीस, बावीस, तेवीस... पृथ्वी फिरते म्हणून तारा दृष्टिक्षेत्रात एका बाजूने शिरून सरकत सरकत रेघेजवळ येई. समजा तेविसाव्या टोल्याला तारा रेघेच्या थोडा अलीकडे होता आणि चोविसाव्या टोल्याला पलीकडे गेला. या दोन जागा मनात धरून ठेवायच्या, रेघेने त्यांमधले अंतर कोणत्या प्रमाणात विभागले ते अजमावायचे आणि लिहायचे : तेवीस पूर्णांक चार दशांश. याला 'डोळा आणि कान' पद्धत म्हणत. सरावलेल्या माणसाची चूक एक-दोन दशांश सेकंदाहून अधिक होत नाही असा सर्वांचा विश्वास होता.

किनेब्रुकच्या नोंदी प्रथम मॅस्केलिन यांच्या नोंदींशी जुळत. १७९५ च्या ऑगस्टपासून मात्र त्या सुमारे अर्धा सेकंद उशिराच्या येऊ लागल्या. त्याला तसे सांगण्यात आले. त्याने काळजी घेण्याचा प्रयत्न केला असणार, पण फरक कमी होण्याऐवजी वाढतच गेला आणि जानेवारी १७९६ मध्ये आठ दशांश सेकंदावर पोहोचला. आपल्या जुन्या कालमापनात सांगायचे तर दोन विपळे. ऐकायला हे क्षुल्लक वाटते, पण विषुववृत्तावरचा माणूस पृथ्वीबरोबर सेकंदाला सुमारे ४६५ मीटर फिरत असतो. वेळेत आठ दशांश सेकंदाची चूक झाली, तर तेथे जमिनीवर सुमारे ३७० मीटरची चूक होते. मॅस्केलिन यांनी किनेब्रुकला काढून टाकले आणि तशी टीप वेधशाळेच्या निरीक्षणांबरोबर छापलीही. इतर बाबतींत हा मदतनीस मेहनती आणि उपयोगी होता, त्यामुळे आपण नाइलाजाने हे करीत आहोत, असे त्यांनी त्यात नमूद केले. त्याने निरीक्षणाची काही तरी स्वतःचीच सदोष रीत धरली असावी, असा त्यांचा तर्क होता.

या टिपेत एक गोष्ट गृहीत धरलेली आहे आणि ती कोठेही लिहिलेली नाही. बरोबर वेळ मॅस्केलिन यांची. दोन माणसांच्या नोंदींत फरक आहे, एवढेच निरीक्षणावरून सिद्ध होत होते. मदतनीस उशिरा नोंदवतो की प्रमुख लवकर नोंदवतात, हे ठरवण्याचे कोणतेही साधन त्या खोलीत नव्हते. प्रमुख हे प्रमुख असल्यामुळे तो प्रश्न निघाला नाही. किनेब्रुक पुढे १८०२ साली वारला. त्याच्यावरचा ठपका कायम राहिला.

ही टीप तशीच धूळ खात पडली असती. पण १८१६ साली एका जर्मन खगोलशास्त्रीय नियतकालिकात ग्रिनिच वेधशाळेचा इतिहास आला आणि त्यात हा प्रसंग सांगितलेला होता. तो वाचणाऱ्यांत फ्रीड्रिख बेसेल हे होते. बेसेल यांची माहिती विद्यार्थ्यांना जरूर सांगावी. ते विद्यापीठात शिकलेले नव्हते. ब्रेमेन शहरातील एका व्यापारी पेढीत उमेदवारी करता करता त्यांनी स्वतःच्या वाचनाने गणित आणि खगोलशास्त्र आत्मसात केले आणि पुढे प्रशियातील क्योनिग्सबर्ग येथल्या वेधशाळेचे ते प्रमुख झाले. (एकसष्ट हंस या ताऱ्याचे अंतर १८३८ साली काढणारे ते हेच.) निरीक्षणातली प्रत्येक चूक हुडकून तिचे माप काढायचे हा त्यांचा ध्यास होता. त्यांना प्रश्न पडला तो असा : ज्याची नोकरी धोक्यात आहे आणि ज्याला चूक दाखवून दिलेली आहे, असा माणूस महिनोन् महिने तीच चूक त्याच दिशेने का करील? निष्काळजी माणसाच्या चुका इकडे-तिकडे विखुरलेल्या असतात. या चुका तर एकाच बाजूला होत्या.

तेव्हा बेसेल यांनी स्वतःलाच तपासायला घेतले. १८२०-२१ च्या हिवाळ्यात वालबेक नावाचे फिनलंडचे खगोलशास्त्रज्ञ क्योनिग्सबर्गला आले होते. दोघांनी त्याच दुर्बिणीने, त्याच घड्याळावर, त्याच ताऱ्यांची निरीक्षणे पाळीपाळीने केली. बेसेल यांच्या नोंदी वालबेक यांच्यापेक्षा सरासरी १.०४१ सेकंद आधीच्या निघाल्या! पुढे १८२३ साली आर्गेलांडर या नामांकित निरीक्षकाशी तुलना केली तेव्हा फरक आला १.२२३ सेकंद. किनेब्रुकची नोकरी गेली होती ती याहून कमी फरकासाठी. आता समोर युरोपातले उत्तमोत्तम निरीक्षक होते. चूक कोणाची हा प्रश्न सोडून देणे भाग पडले. दोन निरीक्षकांमधल्या या फरकाला पुढे 'वैयक्तिक समीकरण' असे नाव मिळाले. अमक्याची वेळ बरोबर तमक्याची वेळ अधिक इतके दशांश, असे ते साधे समीकरण.

समीकरण एकदा मांडले म्हणजे काम संपले असेही झाले नाही. बेसेल आणि स्ट्रूव्ह यांच्यातला फरक १८१४ साली जवळजवळ शून्य होता, १८२३ पर्यंत तो सुमारे एक सेकंद झाला. माणूस तोच, डोळे तेच, तरी समीकरण बदलत होते. किनेब्रुकच्या बाबतीतही नेमके हेच घडले होते.

अनेक पुस्तकांत ही कथा येते आणि तिचे स्पष्टीकरण असे दिलेले असते की, किनेब्रुकच्या प्रतिक्रिया मंद होत्या. आम्हाला हे स्पष्टीकरण पटत नाही. 'डोळा आणि कान' पद्धतीत कोणतीही कळ दाबायची नसते, कसली घाई करायची नसते. टोला कानावर पडला त्या क्षणी तारा कोठे होता, एवढेच ठरवायचे असते. म्हणजे हा हाताच्या चपळाईचा प्रश्न नाही. कानाचे 'आता' आणि डोळ्याचे 'आता' मनात एकमेकांवर कसे बसवले जातात, हा तो प्रश्न आहे. हे दोन 'आता' प्रत्येक माणूस थोडे वेगवेगळे बसवतो. हात संथ असणे ही वेगळी बाब, आणि तिचा इतिहासही वेगळा आहे. योगायोग असा की, तोही त्याच क्योनिग्सबर्ग शहरात घडला.

बेसेल १८४६ साली वारले. तीन वर्षांनी त्या शहरातील विद्यापीठात शरीरक्रियाशास्त्राचे प्राध्यापक म्हणून हेर्मान हेल्महोल्ट्झ आले. वय २८. मज्जातंतूतून संदेश किती वेगाने जातो हे मोजण्याचे त्यांनी मनावर घेतले. त्यांचे गुरू योहानेस म्युलर यांचे मत होते की हे मोजणे कधीच शक्य होणार नाही. प्राण्याच्या शरीरातले अंतर इतके थोडे आणि वेग इतका प्रचंड, की तो सापडायचा कसा? हेल्महोल्ट्झ यांची युक्ती अशी. बेडकाच्या पायाचा स्नायू त्याच्या मज्जातंतूसकट काढून घ्यायचा. तंतूला विजेचा झटका दिला की त्याच क्षणी एका मंडलात प्रवाह सुरू व्हावा, आणि स्नायू आकसला की त्याच्या ओढीनेच मंडल तुटावे. प्रवाह जितका वेळ टिकला त्या प्रमाणात गॅल्व्हॅनोमीटरची सुई विचलित होते. झटका एकदा स्नायूजवळ द्यायचा, एकदा दूर द्यायचा. दोन्ही वेळांतली वजाबाकी म्हणजे तंतूतल्या प्रवासाचा काळ. जानेवारी १८५० मध्ये त्यांनी पहिले निष्कर्ष कळवले. वेग निघाला सेकंदाला सुमारे २७ मीटर, म्हणजे ताशी ९७ किलोमीटर. एक्सप्रेस गाडीचा वेग!

विजेच्या किंवा प्रकाशाच्या वेगाची अपेक्षा करणाऱ्यांना हा आकडा पचला नाही. हेल्महोल्ट्झ यांचे वडील पॉट्सडॅमच्या शाळेत शिक्षक होते. त्यांनीही मुलाला आपले आश्चर्य पत्राने कळवले होते. विचार आणि त्याची शारीरिक अभिव्यक्ती एकामागून एक नव्हे तर एकाच वेळी घडतात, अशी त्यांची समजूत होती. ती फक्त त्यांचीच होती असे नाही. बोटाला चटका बसला की तो 'लगेच' कळतो असे आपल्या सर्वांनाच वाटते. पण हेल्महोल्ट्झ यांच्या आकड्याने हिशेब केला, तर तीस मीटर लांबीच्या देवमाशाच्या शेपटीला भाला लागल्याची वार्ता डोक्यापर्यंत जायला एक सेकंदाहून अधिक लागेल. आपल्या शरीरातले अंतर कमी आहे, एवढाच फरक.

आता इंद्रियांच्या संदेशाला वेळ लागतो हे कळले होते, आणि तो मोजण्याची साधनेही तयार होत होती. १८४० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेतील वेधशाळांनी तारायंत्राच्या तंत्राचा उपयोग करून घेतला. तारा रेघेवर आला की निरीक्षकाने कळ दाबायची आणि फिरत्या कागदावर घड्याळाच्या खुणांशेजारीच त्याची खूण उमटायची. कानाला सुट्टी मिळाली. निरीक्षकांमधले फरक एकदम घटून दशांश सेकंदाच्या घरात आले, पण गेले नाहीत. आता मात्र खरोखर हाताचा, म्हणजे प्रतिक्रियेचा काळ मध्ये आला. स्वित्झर्लंडमधील न्यूशातेलची वेधशाळा घड्याळांच्या कारखान्यांना अचूक वेळ पुरवण्यासाठी काढलेली होती. तेथील प्रमुख हिर्श यांनी १८६० च्या दशकात, हिप या कारागिराने बनवलेल्या सेकंदाचा हजारावा भाग दाखवणाऱ्या घड्याळाने, माणसाला आवाजाला, स्पर्शाला आणि प्रकाशाला प्रतिसाद द्यायला किती वेळ लागतो ते मोजले. आवाजाला सर्वांत कमी, सुमारे दीड दशांश सेकंद. प्रकाशाला सर्वांत अधिक, सुमारे दोन दशांश.

याच सुमारास खरा मदतनीसही भेटला : यांत्रिक तारा. एक प्रकाशबिंदू यंत्राने सरकवायचा, तो रेघेवर आल्याची खूण यंत्रानेच करायची, आणि शेजारी निरीक्षकाची नोंद घ्यायची. आता दोन माणसांतला फरक नव्हे, तर एकेका माणसाची स्वतःची चूक कळू लागली. पॅरिसचे वोल्फ यांनी अशा साधनावर सराव करून स्वतःची चूक सुमारे तीन दशांश सेकंदावरून एक दशांशापर्यंत आणली. किनेब्रुकला समज देण्याऐवजी असे साधन देता आले असते तर, असा विचार मनात आल्यावाचून राहत नाही.

खगोलशास्त्राच्या दृष्टीने प्रश्न येथे जवळजवळ सुटला. एका शास्त्राने कचरा म्हणून बाजूला केलेली वस्तू दुसऱ्या शास्त्राने उचलली ती येथून. हॉलंडमधील उट्रेख्टचे डाँडर्स हे नेत्रवैद्य आणि शरीरक्रियाशास्त्रज्ञ. त्यांनी आपल्या दे यागर या विद्यार्थ्याबरोबर पुढील प्रयोग केला. दोन्ही पायांना विजेचे सौम्य झटके देण्याची सोय केली. कोणत्या पायाला झटका बसणार हे आधी सांगितले, तर त्या बाजूच्या हाताने प्रतिसाद द्यायला काही एक वेळ लागतो. ते सांगितले नाही आणि उजव्याला उजवा, डाव्याला डावा असा हात निवडायला लावले, तर सेकंदाचा पंधरावा भाग अधिक लागतो. मज्जातंतू तेच, स्नायू तेच. वाढलेला काळ फक्त ओळखण्याचा आणि ठरवण्याचा. १८६८ साली डाँडर्स यांनी ही वजाबाकीची रीत सविस्तर मांडली. कांटसारख्या तत्त्वज्ञाने, तोही क्योनिग्सबर्गचाच, मनोव्यापारांना गणित लावता येणार नाही म्हणून मानसशास्त्र हे खरे विज्ञान होऊ शकणार नाही असे १७८६ साली लिहिले होते. आता मनाच्या एका व्यापाराचे माप दशांश चिन्हासह हातात होते. या वजाबाकीत एक कच्चा दुवा आहे : मधे एक पायरी वाढवली तरी बाकीच्या पायऱ्या जशाच्या तशा राहतात, हे कशावरून? डाँडर्स यांच्या टीकाकारांनी तो लवकरच दाखवला, आणि आजही मेंदूची चित्रे एकमेकांतून वजा करणाऱ्या आमच्यासारख्या प्रयोगशाळांतल्या लोकांना तो विसरून चालत नाही.

जर्मनीत विल्हेल्म वुंट यांनी जुना 'डोळा आणि कान' हा प्रश्नच प्रयोगाचा विषय केला. तबकडीवर काटा फिरतो आहे आणि एका ठिकाणी घंटी वाजते. घंटी वाजली तेव्हा काटा कोठे होता ते सांगा! माणसे हमखास थोडे पुढचे किंवा थोडे मागचे ठिकाण सांगत. ज्या इंद्रियाकडे लक्ष लावलेले असेल त्याची खबर मनात आधी दाखल होते, असे या प्रयोगांवरून दिसू लागले. ज्या प्रयोगशाळेपासून प्रायोगिक मानसशास्त्राची सुरुवात मानतात, ती लाइपझिगची प्रयोगशाळा वुंट यांनी १८७९ साली काढली. तेथे शिकलेल्या कॅटेल यांनी १८८६ च्या सुमारास दाखवले की ओळखीचा लहान शब्द वाचायला एकटे अक्षर वाचण्यापेक्षा अधिक वेळ लागत नाही. पहिलीच्या शिक्षकांना यात विचार करण्यासारखे बरेच आहे.

कान पुढे आणि डोळा मागे का, याचे कारण आज कळले आहे. कानाच्या केशपेशी आवाजाच्या कंपनांनी प्रत्यक्ष ढकलल्या जातात आणि एक सहस्रांश सेकंदाच्या आत संदेश निघतो. डोळ्याच्या पडद्यात मात्र प्रकाशामुळे रासायनिक क्रियांची एक साखळी सुरू व्हावी लागते, आणि तिला काही दशक सहस्रांश सेकंद लागतात. हवेत याच्या उलट : प्रकाश तत्काळ पोहोचतो, ध्वनी सेकंदाला सुमारे ३४० मीटर चालतो. नदीच्या पलीकडच्या घाटावर, १७० मीटरवर, धोबी कपडे आपटत असेल तर आवाज अर्धा सेकंद मागे पडलेला स्पष्ट दिसतो. पण वर्गात दहा मीटरवरच्या फळ्यावर छडी वाजली, तर आवाज सुमारे तीन शतांश सेकंद उशिरा येऊनही आपल्याला तो छडीबरोबरच आला असे वाटते. मेंदू दोन्ही खबरा जुळवून घेतो, आणि ही जुळणी पक्की नसते. २००४ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत माणसांना काही मिनिटे आवाज आणि चमक यांत ठरावीक अंतर ठेवून दाखवले, तेव्हा त्यांच्या दृष्टीने 'एकाच वेळी' याचा अर्थच त्या दिशेने थोडा सरकला. १७९५ च्या ऑगस्टपासून जानेवारीपर्यंत किनेब्रुकची नोंद हळूहळू का सरकली असेल, याचा विचार करताना हे प्रयोग आठवतात.

यातले काही वर्गातही करता येते. वीस मुलांना जमिनीवर गोल करून डोळे मिटून बसवावे. प्रत्येकाने शेजाऱ्याचा खांदा धरायचा. पहिल्याने शेजाऱ्याचा खांदा दाबायचा, आपला खांदा दाबला गेला की प्रत्येकाने पुढच्याचा दाबायचा. फेरी पूर्ण व्हायला लागलेला वेळ शिक्षकांनी विरामघड्याळाने मोजावा. पहिल्या काही फेऱ्या सरावाच्या म्हणून सोडून द्याव्यात. मग खांद्याऐवजी घोटा धरायला सांगावे. आता प्रत्येक मुलाच्या शरीरात संदेशाला सुमारे एक मीटर अधिक जायचे आहे. माणसाच्या स्पर्शाच्या तंतूंत वेग सेकंदाला साधारण ५० मीटर धरला, तर प्रत्येकामागे दोन शतांश आणि वीस जणांमागे चार दशांश सेकंद वाढायला हवेत. दोन्ही प्रकारच्या दहा-दहा फेऱ्यांची सरासरी घेतली तर हा फरक सापडू शकतो.

दुसरा प्रयोग पट्टीचा. एकाने पट्टी उभी धरून सोडायची, दुसऱ्याने शून्याच्या खुणेजवळ बोटे ठेवून ती पकडायची. २० सेंटिमीटरवर पकडली तर दोन दशांश सेकंद गेले, हे गुरुत्वाच्या सूत्रावरून मुले स्वतः काढतील. नंतर पकडणाऱ्याने डोळे मिटावेत आणि सोडणाऱ्याने पट्टी सोडतानाच 'हां' म्हणावे. आकडे बहुधा विचित्र येतील, काही वेळा अशक्य वाटावेत इतके लहान. मुलांना विचारावे की पट्टी सोडणाऱ्याचा हात आणि तोंड एकाच क्षणी सुटले हे आपण कशावरून म्हणतो, आणि आवाज पट्टीनेच करावा अशी सोय वर्गातल्या कोणत्या वस्तूंनी करता येईल.